दोनशे ओळींचं सी, आणि ती फाइल दुसऱ्याच्या मशीनवर चालेपर्यंतचे अकरा आठवडे

आधीच सांगून टाकते, मी सी प्रोग्रॅमर नाही. कॉलेजात लिंक्ड लिस्ट केली, जर्नल सबमिट केलं, व्हायवाला पॉइंटरची पाठ केलेली व्याख्या म्हणून दाखवली आणि त्यानंतर दहा वर्षं पायथॉन एके पायथॉन. त्यामुळे पायथॉनसाठी सीमध्ये स्वतःचं मॉड्यूल लिहायचं, ते कंपाइल करायचं आणि लोकांना पिपने (पायथॉनची पॅकेजेस बसवणारं टूल) इन्स्टॉल करता येईल असं ठेवायचं, हे जानेवारीत कुणी सांगितलं असतं तर मी हसले असते. आता ते झालंय. मराठीत याबद्दल मला काही सापडलं नाही आणि इंग्रजीत जे सापडतं ते एकतर हॅलो वर्ल्डपाशी थांबतं नाहीतर एकदम गळ्यापर्यंत पाण्यात नेऊन सोडतं, म्हणून कुठे कुठे अडले ते तारखांसकट लिहून ठेवतेय.

गरज कुठून आली ते थोडक्यात. आमची सांगलीतली छोटी कंपनी, सहा माणसं. एका साखर कारखान्यासाठी यार्डातल्या गाड्यांच्या नंबराचं, म्हणजे कुणाची पाळी कधी त्याचं, सिम्युलेशन करायचं काम आलं होतं. ज्यांनी सीझनमध्ये कारखान्याबाहेरची ट्रॅक्टर-ट्रॉल्यांची रांग बघितलीये त्यांना सांगायला नको, पण गव्हाणीवर (ऊस कारखान्यात टाकतात ती जागा) कुणाची गाडी आधी घ्यायची हे नुसतं आला त्या क्रमाने ठरत नाही. ऊस तुटून किती तास झाले हे महत्त्वाचं, कारण तुटलेला ऊस वाळत पडला की उतारा, म्हणजे उसातून निघणारी साखर, घसरतो. त्यात बैलगाड्यांची लाइन वेगळी, कुणाची चिठ्ठी चुकीची निघालेली, कुणाचा टायर वाटेत बसलेला. म्हणजे क्यू आहे पण प्रत्येकाला एक वजन आहे, आणि ते वजन मधेच बदलतं. यालाच प्रायॉरिटी क्यू म्हणतात.

पायथॉनमध्ये यासाठी हीपक्यू नावाचं मॉड्यूल २.३ व्हर्जनपासून आहे आणि २.४ पासून त्याचा आतला भाग सीमध्येच आहे, त्यामुळे ते चांगलंच फास्ट आहे. घाल आणि काढ एवढंच करायचं असेल तर इथेच वाचणं थांबवा आणि ते वापरा, खरंच. माझी अडचण अशी की आत घातलेल्या नोंदीची प्रायॉरिटी बदलायचं फंक्शन त्यात नाहीये. त्याच्या डॉक्युमेंटेशनमध्ये युक्ती दिलीय, की जुन्या नोंदीवर "काढली" असा शिक्का मारायचा, नवी नोंद घालायची आणि शिक्केवाली नोंद वर आली की फेकून द्यायची. युक्ती चांगली आहे. पण आमच्याकडे प्रत्येक खेपेला "गाडी किती वाजता पोचेल" हा अंदाज वीस-पंचवीस वेळा बदलायचा, म्हणजे जिवंत गाड्या चारशे आणि हीपमध्ये (हीपक्यूच्या आतल्या रांगेत) मेलेल्या नोंदी आठ-दहा हजार. एक अख्खा सीझन चालवायला चाळीस मिनिटं लागायची आणि आम्हाला वेगवेगळे नियम लावून असे पन्नास सीझन चालवायचे होते. शुद्ध पायथॉनमधली हीपडिक्ट आणि पीक्यूडिक्ट ही तयार पॅकेजेस पण बघितली. उत्तर बरोबर देतात, पण प्रत्येक वर-खाली पायथॉनमधूनच होत असल्यामुळे वेळेत फारसा फरक पडला नाही.

रविवार, १२ जानेवारीला सकाळी चहा घेऊन बसले. सायथॉन (पायथॉनसारखं लिहिलेलं सीमध्ये बदलून देणारं टूल) वापरू का थेट सी लिहू यात अर्धा दिवस गेला. थेट सी घेतलं. आता विचाराल तर सायथॉनने माझे किमान दोन आठवडे वाचवले असते, का ते पुढे येईलच, पण मला वाटलं दोनशे ओळींचं तर काम आहे.

पहिली एरर लगेच आली, पायथॉन डॉट एच नावाची फाइल सापडत नाही. उबुंटूवर पायथॉन असतो पण त्याच्या हेडर फाइल्स वेगळ्या पॅकेजमध्ये असतात, पायथॉन३-डेव्ह, ते टाका. दुसरी एरर, मॉड्यूलमध्ये एक्स्पोर्ट फंक्शन नाही. हे काय तर मी मॉड्यूलचं नाव बदललं होतं आणि सीमधल्या सुरुवातीच्या फंक्शनचं नाव जुनंच ठेवलं होतं. त्या फंक्शनचं नाव "पायइनिट", अंडरस्कोर आणि पुढे मॉड्यूलचं नाव असंच लागतं, एक अक्षर इकडचं तिकडे चालत नाही. आणि हो, डिस्टयुटिल्स (मॉड्यूल बांधायचं जुनं टूल) वापरणारे जुने लेख सरळ सोडून द्या, ते ३.१२ मधून काढूनच टाकलंय, सेटअपटूल्स वापरा.

संध्याकाळपर्यंत कंपाइल होऊन एक फाइल पडली. शेवटी डॉट एसओ, पण त्याआधी सीपायथॉन-३१२-एक्स८६_६४-लिनक्स-जीएनयू असं लांबलचक शेपूट. मला वाटलं हे सजावटीला आहे. ते गाडीच्या नंबर प्लेटसारखं असतं. कुठल्या पायथॉनसाठी, कुठल्या प्रोसेसरसाठी, कुठल्या सिस्टिमसाठी पासिंग झालंय ते सगळं त्यात लिहिलेलं असतं, आणि प्लेट जुळली नाही तर पायथॉन त्या फाइलकडे बघतसुद्धा नाही. याचा फटका पुढे महिन्याभराने बसला.

हीपचं गणित मात्र सोपं निघालं. बायनरी हीप ही विल्यम्सची १९६४ ची कल्पना, एका ॲरेमध्ये झाड बसवायचं, आई-बाप निम्म्या इंडेक्सवर, मुलं दुप्पट इंडेक्सवर. प्रायॉरिटी बदलायची तर ती गाडी ॲरेत नेमकी कुठे बसलीये ते कळायला हवं. त्यासाठी प्रत्येक गाडीला एक कायमचा खण क्रमांक दिला, पायथॉनच्या डिक्शनरीत गाडी ते खण एवढंच ठेवलं, आणि खण ते हीपमधली जागा हा हिशोब साध्या सीच्या ॲरेत. म्हणजे वर-खाली करताना डिक्शनरीला हात लावायला नको, नुसते आकडे फिरतात. प्रायॉरिटी पण सीचा डबल, म्हणजे दशांशवाला साधा आकडा, त्यामुळे तुलना करताना पायथॉनला विचारायला जायला नको. हे सगळं दोन संध्याकाळींत चाललं आणि १९ तारखेला मी ऑफिसच्या ग्रुपवर अंगठा टाकला. घाई झाली.

सोबत एक गोष्ट मात्र बरी केली होती. तेच मॉड्यूल शुद्ध पायथॉनमध्ये नव्वद ओळींत लिहून ठेवलं होतं, आणि टेस्टमध्ये दोघांवर सारख्याच हजारो रँडम क्रिया करून उत्तरं ताडून बघायचे. तुम्ही हे करणार असाल तर सीची पहिली ओळ लिहायच्या आधी हे करा.

२५ जानेवारीला, शनिवारी, खरा डेटा घातला आणि स्क्रीनवर एकच ओळ, सेगमेंटेशन फॉल्ट. पायथॉनमध्ये एरर आली की निदान कुठल्या ओळीत काय झालं ते लिहून येतं, इथे प्रोग्रॅम नुसता मेला. परत चालवलं तर व्यवस्थित चालला. तिसऱ्यांदा मेला. सव्वीस जानेवारीची सुट्टी अशीच गेली. रँडम टेस्ट मात्र दहादा चालवली तरी हिरवीच.

नऊ दिवस लागले. म्हणजे सलग नाही, ऑफिसची बाकीची कामं होतीच, पण नऊ दिवस डोक्यात तेच, आई जेवायला हाक मारतेय आणि मी "हो हो" म्हणत तशीच बसलेली. फॉल्टहँडलर नावाचा ऑप्शन चालू केला की निदान पायथॉनमधली कुठली ओळ चालू होती ते कळतं, त्याने कळलं की "काढ" या फंक्शनमध्ये मरतंय. मग जीडीबी हा डीबगर, मग छापील कागदावर पेन्सिलने एकेक ओळ.

झालं होतं असं. पायथॉनमध्ये प्रत्येक वस्तूला एक मोजणी असते, मला किती जणांनी धरून ठेवलंय याची. ती शून्य झाली की वस्तू जागच्या जागी नष्ट. पायथॉनमध्ये लिहिताना हे आपोआप होतं, सीमध्ये ते आपल्याला करावं लागतं (सायथॉनने हेच माझ्यासाठी केलं असतं), आणि कुठलं फंक्शन तुम्हाला वस्तू मालकीने देतं आणि कुठलं नुसतं बघायला देतं हे प्रत्येकाच्या डॉक्युमेंटेशनमध्ये वाचावं लागतं. माझ्या "काढ" मध्ये मी गाडीचा पॉइंटर, म्हणजे मेमरीतला पत्ता, घेत होते, मग डिक्शनरीतून ती नोंद पुसत होते आणि मग तो पॉइंटर परत देत होते. पण गाडीला धरून ठेवणारी डिक्शनरी एकटीच होती. नोंद पुसली, मोजणी शून्य, गाडी गेली, आणि मी गेलेल्या गाडीचा पत्ता ऐटीत परत देतेय. पुसायच्या आधी मोजणी एकने वाढवायची, एवढाच उपाय. एक ओळ.

आणि टेस्टमध्ये का नाही पकडलं? कारण टेस्टमध्ये मी गाड्या म्हणून १ ते ५० हे आकडे घालत होते. पायथॉन उणे ५ ते २५६ हे आकडे कायमचे तयार ठेवतो, ते कधी नष्टच होत नाहीत. खऱ्या डेटात गाड्या म्हणजे फाइलमधून वाचलेले एमएच ०९, एमएच १० वाले नंबर, स्ट्रिंग, ते मरतात. हे कळलं तेव्हा रात्रीचा एक वाजला होता आणि मला राग आला का हसू आलं ते आठवत नाही. टेस्टमध्ये नेहमी चालू वेळी बनवलेल्या स्ट्रिंग घाला, छोटे आकडे नकोत.

तिथून पुढे तपासायची सवयच लागली. उलट्या बाजूची चूक पण सापडली. खण क्रमांक डिक्शनरीत ठेवताना डिक्शनरी स्वतःची मोजणी स्वतः वाढवते, त्यामुळे मी बनवलेला आकडा ठेवून झाल्यावर मी सोडायला हवा, तो मी सोडतच नव्हते. एका वेळी अठ्ठावीस बाइट. दिसत नाही, पण रात्रभर सिम्युलेशन चालवल्यावर सकाळी मेमरी बघून कळतं. तिसरी, गाडीच्या ऑब्जेक्टमध्ये क्यूचा संदर्भ आणि क्यूमध्ये गाडी, असं एकमेकांना धरलं की कुणीच सुटत नाही. त्यासाठी पायथॉनच्या कचरा गोळा करणाऱ्याला "माझ्याकडे या या वस्तू आहेत" असं दाखवणारं ट्रॅव्हर्स फंक्शन लिहावं लागतं. ते मी सुरुवातीला "नंतर बघू" म्हणून सोडलं होतं.

एक गंमत राहिली, ती मेमरीची नाही. ४ फेब्रुवारीला एक गाडी यार्डात शिरली ती बाहेरच येईना. वजनकाट्याच्या चिठ्ठीत ऊस तुटल्याची वेळ कोरी होती, ती वाचताना पांडासने (डेटा वाचायची पायथॉन लायब्ररी) त्या जागी नॅन ठेवला होता, म्हणजे "आकडा नाही". नॅनची कशाशीही तुलना केली तरी उत्तर "नाही" असंच येतं, त्याच्यापेक्षा कुणी लहान नाही, मोठं नाही, तो स्वतःच्या बरोबरचासुद्धा नाही. त्यामुळे तो हीपमध्ये जिथे बसला तिथे बसला, आणि त्याच्या आजूबाजूचा क्रम गुपचूप बिघडला, एरर काहीच नाही. आता नॅन आला की मॉड्यूल दारातच व्हॅल्यू एरर देतं.

८ फेब्रुवारी, विंडोज. कारखान्याच्या शेती ऑफिसमध्ये सगळे विंडोजवाले पीसी. तिथे ही फाइल डॉट पीवायडी होते, ती खरं म्हणजे डीएलएलच असते. तिच्यासाठी मायक्रोसॉफ्टचे सी++ बिल्ड टूल्स लागतात, डाउनलोड आणि इन्स्टॉल धरून सहा-सात जीबी. आमच्या ऑफिसचं नेट नेमकं त्या शनिवारी बंद, मग मोबाइलच्या हॉटस्पॉटवर दोन दिवसांचा डेटा संपवून, वर एक डेटा पॅक मारून झालं. आणि झाल्यावर माझं सी त्याला आवडेना. जीसीसीला (लिनक्सवरचा माझा कंपायलर) ॲरेचा आकार चालू वेळी ठरलेला चालतो, मायक्रोसॉफ्टच्या कंपायलरला चालत नाही, तो सरळ मॅलॉकने (मेमरी मागून घ्यायचं सीचं फंक्शन) घ्यावा लागला. शिवाय विंडोजवर "लाँग" हा ६४ बिट मशीनवरसुद्धा ३२ बिटचाच असतो हे तिथे कळलं, मग सगळीकडे आकार स्पष्ट लिहिणारे टाइप घातले.

लांब शेपूट काढून नुसतं डॉट पीवायडी ठेवलेली फाइल पेन ड्राइव्हवर घेऊन शेती ऑफिसात गेले. पहिल्याच पीसीवर "टक्का एक इज नॉट अ व्हॅलिड विन३२ ॲप्लिकेशन". मी पाऊण तास ती टक्का एक म्हणजे काय शोधत बसले. तिथले काका म्हणाले, "पोरी, चहा घे आधी, मग बघ." चहा घेतला आणि मग बघितलं, पीसी ६४ बिटचा पण त्यावर कुणीतरी पायथॉन ३२ बिटचा टाकून ठेवलेला. म्हणजे विंडोज किती बिटचं हे विचारून उपयोग नाही, पायथॉन किती बिटचा ते विचारायचं. पायथॉन सुरू केला की पहिल्याच ओळीत लिहिलेलं असतं.

मग आमचा स्वतःचा सर्व्हर. सोमवार, १७ फेब्रुवारी. माझ्या लॅपटॉपवर उबुंटू २४.०४, पायथॉन ३.१२. सर्व्हरवर उबुंटू २२.०४, पायथॉन ३.१०. फाइल कॉपी केली, फोल्डरमध्ये समोर दिसतेय, आणि पायथॉन म्हणतोय असं मॉड्यूलच नाही. नंबर प्लेट! ३१२ चं पासिंग ३.१० ला चालत नाही, आणि तो "चालत नाही" असं म्हणत नाही, "सापडत नाही" म्हणतो.

आता प्रत्येक पायथॉनसाठी वेगळी फाइल, गुणिले लिनक्स, विंडोज, मॅक असं करत बसायचं का? यावर तोड आहे, स्टेबल एबीआय, म्हणजे व्हर्जन बदललं तरी न बदलणारा जोड. पेप ३८४ या पायथॉनच्या प्रस्तावातून आलेली, ३.२ पासूनची सोय. ठरावीक मर्यादित फंक्शन्सच वापरलीत तर एकच फाइल तुम्ही निवडलेल्या (मी ३.९ निवडलं) आणि पुढच्या व्हर्जनांना चालते, तिच्या शेपटात मग व्हर्जनऐवजी एबीआय३ येतं. किंमत अशी की झटपट चालणारे बरेच मॅक्रो वापरता येत नाहीत आणि नवीन टाइप बनवायची पद्धत पूर्ण वेगळी. माझा आठवडा गेला त्यात, वेग किंचित कमी झाला, पण माझे आकडे सगळे साध्या सीच्या ॲरेत होते म्हणून फार नाही. इथे एक खड्डा आहे तो लक्षात ठेवा. सेटअपमध्ये हे तीन ठिकाणी सांगावं लागतं, सीच्या मॅक्रोत, एक्स्टेन्शनच्या ऑप्शनमध्ये आणि व्हीलच्या सेटिंगमध्ये. तिसरं विसरलं की आतली फाइल एबीआय३ ची पण बाहेरच्या व्हीलवर लेबल ३१२ चंच, मग पिप ती दुसऱ्या व्हर्जनवर घेतच नाही. व्हील म्हणजे पिप बसवतो ती तयार पॅकेजची डॉट डब्ल्यूएचएल फाइल, खरी तर झिपच असते, शंका आली तर उघडून बघा.

२५ तारखेला नवीन फाइल सर्व्हरवर टाकली. या वेळी सापडली, आणि लोड होताना म्हणाली जीलिबसी २.३८ नाहीये. जीलिबसी म्हणजे लिनक्सची मूळ सी लायब्ररी. २४.०४ मध्ये ती २.३९ आहे, २२.०४ मध्ये २.३५. पण मी असं काय नवीन वापरलंय? डबल वापरतेय, मॅलॉक वापरतेय, हे तर माझ्या जन्माआधीचं. एनएम नावाचं टूल लावून फाइलच्या आतली नावं बघितली तर एकच नाव २.३८ मागत होतं, आयएसओसी२३ असं काहीतरी आणि पुढे स्ट्रटॉल. डिबगिंगसाठी एक एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबल वाचून त्याचा आकडा करायला मी स्ट्रटॉल वापरलं होतं. नव्या सिस्टिमवर कंपाइल केलं की हेडर फाइल्स त्या जुन्या फंक्शनचं नाव गुपचूप नव्या व्हर्जनकडे वळवतात. म्हणजे मी जी ओळ कधीच पुसायला हवी होती त्या एका डिबगच्या ओळीसाठी पूर्ण फाइल सर्व्हरवर चढेना.

ओळ पुसली, चालली. पण हे प्रत्येक वेळी असं शोधत बसणं म्हणजे काही खरं नाही. रीतसर मार्ग असा, की मुद्दाम जुन्या सिस्टिमवर कंपाइल करायचं. त्यासाठी मेनीलिनक्स नावाच्या तयार डॉकर इमेज (डब्यात बंद केलेली आख्खी सिस्टिम) आहेत, मेनीलिनक्स२०१४ वाली सेंटओएस ७ या जुन्या लिनक्सवर बेतलेली, जीलिबसी २.१७. तिच्यात बनवलेलं त्यानंतरच्या नेहमीच्या बहुतेक लिनक्सवर चालतं. वर ऑडिटव्हील नावाचं टूल फाइल तपासून तिला मेनीलिनक्सचा शिक्का देतं. हे सगळं मिळून करणारं सीआयबिल्डव्हील आहे, ते गिटहबच्या मशीनवर लिनक्स, विंडोज आणि मॅक तिन्हीसाठी एका फटक्यात व्हील बनवतं, ओपन सोर्स रेपोला (गिटहबवरचं कोडचं फोल्डर) पैसे पडत नाहीत. माझ्याकडे मॅक नाही आणि घ्यायचे पैसेही नाहीत, पुण्यातल्या मामेबहिणीला तेवढं चालवून बघायला सांगितलं. आमचे सर म्हणाले कोड ओपन ठेवायला हरकत नाही, कारखान्याचं त्यात काहीच नाहीये, एमआयटी लायसन्स लावलं.

८ मार्चपासून पायपीआयची (पिप जिथून पॅकेजेस घेतो ती साइट) कागदपत्रं, म्हणजे कागद नाही पण कारभार तसाच. आधी सराव टेस्ट-पायपीआयवर करा, पण त्याचं खातं पूर्ण वेगळं असतं, दोनदा नोंदणी. ईमेल व्हेरिफाय करा. टू-फॅक्टर सक्तीचं आहे, २०२४ च्या सुरुवातीपासून सगळ्यांना, फोनवरचं फुकट ॲप चालतं. रिकव्हरी कोड मी छापून आधारच्या झेरॉक्ससोबत कपाटात ठेवलेत. मग नाव. मनातली पाच नावं गेलेली होती. सहावं मोकळं होतं पण "आधीच्या प्रोजेक्टच्या नावाशी फार सारखं" म्हणून नाकारलं. डॅश, अंडरस्कोर, टिंब, कॅपिटल-स्मॉल हे सगळं तिथे एकच धरतात, त्यामुळे मधे डॅश घालून वाट निघत नाही. सातवं नाव मिळालं. ते मला आवडत नाही.

हौसेने लॅपटॉपवर बनवलेलं लिनक्सचं व्हील चढवायला गेले तर ४०० एरर, हा प्लॅटफॉर्म टॅग चालत नाही. बरोबरच आहे, मेनीलिनक्सचा शिक्का नसलेलं लिनक्स व्हील ते घेतच नाहीत. मग फक्त सोर्सचं पॅकेज चढवलं, त्यात रीडमीमधलं उदाहरण चुकलेलं. पुसून परत चढवते म्हटलं, तर एकदा वापरलेलं फाइलनाव पुसल्यावरसुद्धा परत मिळत नाही. म्हणून माझं ०.१.० कायमचं गेलं, लोकांना दिसतं ते ०.१.१ पासून. पहिला नंबर सरावाच्या साइटवरच खर्च करा.

चढवायला लागणारं टोकन (पासवर्डसारखी गुप्त किल्ली) सांभाळण्यापेक्षा ट्रस्टेड पब्लिशर लावा असं वाचलं, २०२३ पासून ती सोय आहे. पायपीआयला सांगायचं की अमुक रेपोच्या अमुक वर्कफ्लो फाइलमधून आलं तर माझंच समज, पासवर्ड-टोकन काही साठवायला नको. दोन संध्याकाळी तो "इनव्हॅलिड पब्लिशर" म्हणत राहिला. फॉर्मवर मी फाइलचं नाव डॉट वायएमएल लिहिलं होतं आणि रेपोत डॉट वायएएमएल होतं. एक ए.

३० मार्च, गुढीपाडवा. दुपारी श्रीखंड-पुरी खाऊन घरातले सगळे आडवे झाले होते. रेपोत नव्या व्हर्जनचा टॅग टाकला, सतरा मिनिटांनी सगळी व्हील्स तयार होऊन चढली, सर्व्हरवर पिप इन्स्टॉल मारलं आणि दोन सेकंदांत झालं. ज्या सीझनला चाळीस मिनिटं लागायची त्याला सहा लागली. त्यात थोडा वाटा बाकीचा कोड मी मधल्या काळात साफ केला त्याचाही आहे. खर्च विचाराल तर एक डेटा पॅक, मिरजेला जाऊन-येऊन पेट्रोल, छापलेले कागद. बाकी सगळे शनिवार-रविवार.

मे महिन्यात एका अनोळखी माणसाची तक्रार आली, अल्पाइन लिनक्सवर इन्स्टॉल होत नाही. अल्पाइनमध्ये जीलिबसी नसते, मसल नावाची दुसरी लायब्ररी असते, तिचा शिक्का वेगळा, मसललिनक्स. मी ती व्हील्स बनवायचं बंद करून ठेवलं होतं. व्हील नसलं की पिप सोर्सवरून कंपाइल करायला जातो, आणि त्या सोर्स पॅकेजमध्ये माझी हेडर फाइल गेलीच नव्हती. माझ्या मशीनवर ती शेजारच्या फोल्डरमध्ये असल्यामुळे मला कधी कळलंच नाही. सोर्स पॅकेज कोऱ्या डॉकरमध्ये उघडून बनवून बघा, मगच चढवा. ०.१.३ त्यासाठी.

ऑक्टोबरात पायथॉन ३.१४ आला, त्यात हीपक्यूला मोठ्यातला मोठा आधी काढायची फंक्शन्स मिळाली, प्रायॉरिटी बदलायचं अजूनही नाही, म्हणजे माझं मॉड्यूल अजून काही दिवस कामाचं आहे. जीआयएल (एका वेळी एकच थ्रेड चालू देणारं आतलं कुलूप) नसलेल्या नव्या पायथॉनवर ही एबीआय३ फाइल चालत नाही, ते मी अजून हातात घेतलेलं नाही.

सीझन सुरू व्हायच्या आधी सरांनी सांगितलं, काट्याच्या केबिनमधल्या पीसीवर पण बसव, म्हणजे तिथूनच नंबराची स्लिप निघेल. पेन ड्राइव्हवर सगळी व्हील्स घेऊन गेले, ३२ बिट, ६४ बिट, या वेळी तयारीने. पीसीवर विंडोज ७. विंडोज ७ वर पायथॉन ३.८ च्या पुढे जात नाही आणि माझी सगळी व्हील्स ३.९ पासून पुढची. बाहेर ट्रॉल्यांचं वजनकाट्याचं टेस्टिंग चाललेलं, केबिनमध्ये नेट नाही.

शेवटी टेस्टसाठी लिहिलेली ती नव्वद ओळींची शुद्ध पायथॉनवाली फाइल पेन ड्राइव्हवर होती, ती कॉपी केली. यार्डात एका वेळी गाड्या चारशे, त्याला ती भरपूर. पहिली स्लिप निघाली. काट्यावरचा ऑपरेटर स्लिप फाडून बघत म्हणाला, "एवढंच होतं व्हय मॅडम? मग वर्षभर काय चाललं होतं?"